अर्ध्या इंचाचा सांधा

(नभोवाणीवरील भाषणाचा संपादित मजकूर)

कवीला बोलायला बोलावलं की त्याने पावसावर बोलावं, आईवर बोलावं, फार तर मातृभाषेवर बोलावं अशी अपेक्षा असते. मुसलमान घरातल्या मराठी कवीला तर 'तुम्ही मराठीत कसे काय लिहिता' हा प्रश्न हटकून विचारला जातो. त्याचं उत्तर मी गेली तीस वर्षं देतो आहे; आज त्या उत्तराला सुटी. आज मी नळावर बोलणार आहे. म्हणजे नळाच्या मागे भिंतीत जो एक सांधा असतो त्याच्यावर, आणि त्या सांध्यावर गुंडाळायच्या पांढऱ्या टेपवर. हार्डवेअरच्या दुकानात ती टेफ्लॉन टेप म्हणून मिळते. करंगळीएवढ्या रुंदीची, छोट्याशा प्लॅस्टिकच्या रिळावर गुंडाळलेली. किंमत एका वडापावाच्या आसपास. या टेपने मागच्या वर्षी मला माझ्या वडिलांविषयी एक गोष्ट सांगितली, ती सांगायची आहे. पण आधी गुरुजी.

गुरुजी आमच्या इमारतीत माझ्या खालच्या मजल्यावर राहतात. निवृत्त मुख्याध्यापक. मागच्या वर्षी एका सकाळी ते जिना चढून वर आले, दारातच उभे राहिले आणि म्हणाले, "कविराज, तुमची कविता आमच्या भिंतीवर उतरू लागलीय. जरा खाली येऊन वाचता का?"

खाली गेलो. त्यांच्या मधल्या खोलीच्या भिंतीवर छतापासून कमरेपर्यंत ओल उतरली होती. रंगाला फोड आले होते. भिंतीला लागून लोखंडी कपाट होतं. गुरुजी कपाटाकडे बोट दाखवून म्हणाले, "रंगाचं काही नाही हो. हे बघा." कपाटात त्यांच्या शाळेतल्या मुलांनी वर्षावर्षाला काढलेले हस्तलिखित अंक होते. मुलांच्या अक्षरातल्या गोष्टी, शाईची चित्रं, जाड पुठ्ठ्याच्या बांधणीत. कपाटाच्या मागच्या पत्र्याने पाणी धरलं होतं आणि सर्वांत खालच्या कप्प्यातले चार अंक भिजून एकमेकांना चिकटले होते.

त्या भिंतीच्या बरोबर वर माझं न्हाणीघर आहे.

मी राहतो मांजरी बुद्रुकला. पुण्याहून सोलापूर रस्त्याने निघालं की हडपसर ओलांडल्यावर डावीकडे. मुळा-मुठेच्या अलीकडे मांजरी बुद्रुक, पलीकडे मांजरी खुर्द. बाहेरच्यांना मांजरी ठाऊक असते ती उसामुळे आणि द्राक्षांमुळे. वसंतदादा शुगर इन्स्टिट्यूट इथली, १९७५ सालची. राष्ट्रीय द्राक्ष संशोधन केंद्र १९९७ पासून इथलंच. 'मांजरी नवीन', 'मांजरी मेडिका' अशी द्राक्षांच्या वाणांना आमच्या गावाची नावं आहेत. जून २०२१ मध्ये पुणे महापालिकेत जी तेवीस गावं घेतली, त्यांत मांजरी बुद्रुकही गेलं. नाव शहरात गेलं, पण आमच्या सोसायटीच्या फाटकाशी टँकर उभा राहायचा काही थांबला नाही. वापरायला बोअरचं पाणी, ते कमी पडलं की टँकर. टँकर आला की खालच्या टाकीत पाणी सोडायचं, मोटर लावून वरच्या टाकीत चढवायचं, आणि महिन्याच्या शेवटी त्या पैशांवरून सोसायटीच्या बैठकीत भांडायचं. अशा ठिकाणी पाणी भिंतीत गळत असेल तर ते विकत घेतलेलं पाणी असतं.

किती गळत असेल? सेकंदाला एक थेंब धरा. साधारण वीस थेंबांचा एक मिलिलिटर होतो. दिवसाचे सेकंद ८६,४००. म्हणजे दिवसाला चार लिटरांहून थोडं जास्त. एक मोठी कळशीही नाही. पण वर्षाला हेच दीड हजार लिटरांच्या पुढे जातं. आणि हा हिशेब दिसणाऱ्या थेंबाचा झाला. भिंतीतलं गळणं कोणाला दिसत नाही, म्हणून त्याला कोणी बादलीही लावत नाही.

आता माझा गुन्हा. त्या थंडीत न्हाणीघरातला नळ मी स्वतः बदलला होता. बोअरच्या जड पाण्याने जुना नळ पांढरा पडला होता, चावी फिरता फिरेना. प्लंबरला फोन केला तर तो म्हणाला, परवा येतो. हा परवा कधी उजाडत नाही हे आपल्याला माहीत आहे. शिवाय मनात आलं, आपण फिटरचे चिरंजीव. लहानपणापासून घरात पाइप आणि पाने पाहिलेत. एवढं तर येईलच.

वरचा कॉक बंद केला. जुना नळ काढला. नव्या नळाची चावी माझ्याकडे धरून आट्यांवर टेप गुंडाळली. किती? भरपूर. थंडीत लहान पोराला मफलर गुंडाळावा तशी. नळ भिंतीतल्या एल्बोत फिरवला, पान्याने चांगला आवळला. आवळून पाहतो तर नळाचं तोंड कोपऱ्याकडे वळलेलं. आणखी पुढे न्यावा तर हलेना. मग मी अब्बांना असंख्य वेळा करताना पाहिलं होतं तेच केलं. नळ थोडासा मागे फिरवला. पाव फेरा. तोंड बरोबर खाली आलं. पाणी सुरू केलं, बाहेर एक थेंब नाही. बायकोला बोलावून दाखवलं. तिने "वा" म्हटलं आणि दुधाकडे पळाली. दीड महिन्यानंतर गुरुजी जिना चढून वर आले.

या वेळी मी खरोखरचा प्लंबर बोलावला. मुलगा पंचविशीचा असेल. ओडिशातल्या केंद्रपाडा जिल्ह्यातला. आपल्याला कल्पना नसते, पण देशातल्या मोठ्या शहरांत जिथे जिथे इमारती उठतात तिथे या एका जिल्ह्यातले नळकामगार सापडतात. घरटी एक तरी प्लंबर असलेली गावं तिकडे आहेत असं तो सांगत होता. पट्टामुंडाई या गावी तर नळकाम शिकवणारी सरकारी संस्थाच आहे. आपल्याकडे जसं एखादं गाव पैलवानांचं म्हणून ओळखलं जातं, तसं ते प्लंबरांचं.

टाइल फोडाव्या लागणार म्हणून मी धसका घेतला होता. त्याने काही फोडलं नाही. नळ काढला, आट्यांवरची टेप नखाने सोडवली आणि खिडकीजवळ उजेडात नेऊन पाहत राहिला. टेप कुठली, चोथाच तो. एका बाजूला दोरीसारखी पिळलेली, दुसऱ्या बाजूला फाटलेली.

"अंकल, ये किसने लगाया?"

मी म्हणालो, "पहले एक प्लंबर आया था।"

खोटं बोललो. कविता लिहिणारा माणूस नळ बसवताना चुकला हे सांगायला काही हरकत नव्हती. पण फिटरचा मुलगा चुकला हे तोंडातून निघेना.

त्याने टेप पुन्हा फिरवून पाहिली आणि म्हणाला, "कोई धागेवाला पुराना मिस्त्री होगा। पीछे घुमाया है। धागे में चलता है, टेप में नहीं चलता।" मग थोडं थांबून, "लेकिन हाथ कच्चा है।"

ऐकून मी न्हाणीघरातल्या उपड्या बादलीवर बसलो. त्याला वाटलं, अंकलला चक्कर आली.

हे धागेवाला म्हणजे काय ते सांगतो. त्यासाठी आधी आटे समजून घ्यायला हवेत. पाइपाच्या टोकावर कोरलेले आटे म्हणजे एक लांब चढण असते. अर्ध्या इंचाच्या पाइपावर ती एका इंचात चौदा वेढे घेते. आता हा अर्धा इंचही गमतीचा आहे. फूटपट्टी लावून पाहा, अर्ध्या इंचाच्या लोखंडी पाइपाची बाहेरची जाडी एकवीस मिलिमीटर भरते, म्हणजे जवळजवळ पाऊण-एक इंचाच्या मधे कुठेतरी. अर्धा इंच हे नुसतं नाव उरलंय. आट्यांचा ५५ अंशांचा कोन इंग्लंडच्या जोसेफ व्हिटवर्थने १८४१ साली मांडलेल्या प्रमाणातून आला. इंग्रज गेले, आटे राहिले.

नळाचे आटे पाइपाच्या आट्यांत कितीही नीट बसले तरी दोन्हींच्या मधे केसाएवढी फट उरतेच. आणि ही फट एका जागी नसते. गोल जिन्यासारखी ती आतून बाहेरपर्यंत सलग असते. वरच्या टाकीतून आलेल्या पाण्याला एवढा जिना पुरतो. दर दहा मीटर उंचीला चौरस सेंटिमीटरवर साधारण एक किलो दाब, असा पाण्याचा हिशेब असतो. दिवसरात्र तो दाब त्या जिन्यात वाट शोधत असतो.

टेप हा जिना बुजवते. ती चिकटवते असा माझा समज होता, बहुतेकांचा असतो. टेप म्हटलं की आपल्याला गोंद आठवतो. पण हिला गोंद नसतो, आणि हिच्याइतका निसरडा घन पदार्थ सहसा सापडत नाही. ती फटीत चेंगरून बसते आणि धातूला घसरण देते. त्या घसरणीमुळे नळ आणखी थोडा आत जातो. पाइपाच्या बाहेरचे आटे सोळास एक या प्रमाणात निमुळते असतात. सोळा मिलिमीटर मागे गेलं की व्यास एक मिलिमीटरने वाढतो. म्हणून जितकं आत जावं तितकी पकड घट्ट होते. मुख्य काम धातूने धातूवर दाबून होतं. उरलेली पोकळी टेप भरते.

आता नळ पाव फेरा मागे घेतला की काय होतं? निमुळती पकड सुटते. चेंगरलेली टेप काही पुन्हा फुगून जागा भरत नाही. जिना उघडतो. बाहेर नळाच्या गोल चकतीमागे काही दिसत नाही आणि पाणी टाइलच्या पाठीमागून निवांत खाली उतरतं.

धाग्याचं तसं नाही. टेप यायच्या आधी, आणि आल्यानंतरही पुष्कळ वर्षं, आपल्याकडे सांधे सफेदा-धाग्याने होत. तागाचा धागा आट्यांत बसवायचा, वरून सफेदा चोपडायचा. सफेदा म्हणजे जवसाच्या तेलात मळलेली पांढरी भुकटी. धागा पाणी प्यायला की फुगतो, आणि आट्यांत अधिकच गच्च होतो. म्हणून नळाचं तोंड सरळ करायला तो किंचित मागे घेतला तरी धागा सांभाळून घेतो. जुन्या मिस्त्रींच्या हाताला ती सवय होती. माझ्या अब्बांच्या हाताला होती. मी त्यांची ती शेवटची हालचाल बरोबर उचलली होती आणि तिच्या आत काय आहे हे कधी विचारलं नव्हतं.

अब्बा हडपसरच्या औद्योगिक वसाहतीत एका कारखान्यात पाइप फिटर होते. सुटीच्या दिवशी आसपासच्या वस्त्यांत नळाची कामं करत. तेव्हा सगळे जीआय पाइप. सहा मीटरचा पाइप सायकलला बांधून आणायचा, शिकंज्यात पकडायचा, करवतीने कापायचा, डाय लावून आटे पाडायचे. डाय अर्धा फेरा पुढे, पाव फेरा मागे, की कीस तुटून पडतो. मधेमधे तेलाचा थेंब. माझं काम तेलाचा डबा धरायचं. पोरांना काम शिकवताना ते म्हणत, "मुंह अपने तरफ, हाथ घडी के माफिक।" म्हणजे पाइपाचं आट्यांचं तोंड आपल्याकडे करा आणि धागा घड्याळाच्या काट्याप्रमाणे लपेटा. नळ ज्या दिशेने चढतो त्याच दिशेने धागा ओढला जातो, सुटत नाही. हे वाक्य मी इतक्यांदा ऐकलं होतं की ते मला ऐकूच येईनासं झालं होतं. मागच्या वर्षी मी चावी माझ्याकडे धरली, तोंड पलीकडे, आणि हात घड्याळाप्रमाणे फिरवला. तोंडाच्या बाजूने पाहिलं तर तो उलटा पडला. नळ चढताना टेप गोळा होत गेली. म्हणूनच ती तशी पिळलेली होती.

मी बीए केलं ते मराठी घेऊन. कॉलेजच्या फॉर्मवर वडिलांचा व्यवसाय असा रकाना असे. तीन वर्षं मी त्यात 'नोकरी' लिहिलं. फिटर लिहिलं नाही. कोणी हसलं असतं असंही नाही; माझ्या वर्गात शेतमजुरांची मुलं होती आणि ती बेधडक शेतमजुरी लिहीत. पण मी तेव्हा कवी व्हायच्या गडबडीत होतो. सफेदा लागलेल्या, घासलेटने पुसलेल्या हातांचा वास मला घरी आवडे आणि बाहेर नको वाटे. माझी पहिली कविता छापून आली ती विहिरीवर होती. अब्बा चौथीपर्यंत मराठी शाळेत शिकलेले. त्यांनी अंगणात उभं राहून ती सावकाश वाचली, मासिक परत दिलं आणि विचारलं, "पाणी कितने फूट पे है इसमें?" मला राग आला होता. कवितेतल्या विहिरीचं पाणी किती फुटांवर असतं? आता वाटतं, प्रश्न वाजवी होता. मी त्या विहिरीत वाकून पाहिलंच नव्हतं.

एकदा आम्ही सगळे तेव्हाच्या औरंगाबादला गेलो होतो, आजचं छत्रपती संभाजीनगर. पाणचक्की पाहायला. अठराव्या शतकातली ती चक्की. कित्येक किलोमीटर दूरच्या डोंगरातून मातीच्या नळांनी पाणी आणलंय आणि उंचावरून खाली सोडलंय, त्याच्या जोरावर जातं फिरायचं. त्या शहराला खापरी नळांनी पाणी आणायची परंपरा त्याच्याही आधीची, सतराव्या शतकाच्या सुरुवातीची, मलिक अंबरची. लोक हौदाच्या काठावर बसून फोटो काढत होते. अब्बा त्या मातीच्या नळांपाशी उभे राहिले ते राहिलेच. अम्मीने दोनदा हाक मारली. परत येताना एसटीत मला म्हणाले, भट्टीत भाजलेला नळ, त्याला आटे नाहीत, आवळायची सोय नाही, नुसता चुन्यात बसवलेला, आणि अजून पाणी देतोय. मी खिडकीबाहेर बघत होतो. 'हं' म्हणालो असेन.

टेप आली तेव्हा अब्बांना ती पटली नाही. तिला ते रिबीन म्हणत. "रिबीन से सांधा होता है क्या?" तिचा जन्म मात्र मोठा नाट्यमय आहे. ६ एप्रिल १९३८ रोजी अमेरिकेत न्यू जर्सीमध्ये ड्यूपाँ कंपनीच्या प्रयोगशाळेत रॉय प्लंकेट नावाचा तरुण रसायनशास्त्रज्ञ थंडावा देणाऱ्या वायूंवर काम करत होता. भरलेल्या नळकांड्यातून वायू येईना, वजन तर पुरेपूर. नळकांडं कापलं तर आत मेणासारखी निसरडी पांढरी भुकटी. तिच्यावर कशाचाही परिणाम होत नव्हता. ना आम्लाचा, ना विद्रावकाचा. महायुद्धात अणुबॉम्बच्या कामात युरेनियमचा अत्यंत दाहक वायू हाताळायचा होता, तिथे सांध्यांना आणि झडपांना हीच भुकटी उपयोगी पडली. १९४५ मध्ये टेफ्लॉन हे नाव नोंदलं गेलं. पुढे ती तव्यावर आली आणि नळावर आली. जिने अणुबॉम्बचे सांधे धरले तीच आज मांजरीतल्या न्हाणीत गळती थांबवते, हे कवीला भुरळ घालणारं आहे, पण भुरळीत फार न गेलेलं बरं. हा पदार्थ बनवताना वर्षानुवर्षं वापरलं गेलेलं पीएफओए नावाचं रसायन निसर्गात मोडत नाही म्हणून २०१९ मध्ये स्टॉकहोम करारात बंदीच्या यादीत गेलं. तिकडे जुन्या सफेद्यात शिशाचा क्षार असे, आणि अब्बा तो बोटांनी चोपडत. जेवायला बसण्याआधी ते हात तीन तीनदा घासत तेव्हा अम्मी हसायची.

त्या केंद्रपाड्याच्या मुलाने मग माझ्यासमोर नळ पुन्हा बसवला. एल्बोतले आटे तारेच्या ब्रशने साफ केले, नळाचे आटे फडक्याने कोरडे पुसले. टेप धरली, आणि नळाचं तोंड स्वतःकडे केलं. त्याला अब्बांचं वाक्य कोणी शिकवलं होतं? त्याच्या गावात त्याच्या भाषेत असंच काही म्हणत असतील. टोकाचा पहिला आटा त्याने मोकळा ठेवला. झाकला तर टेपचा तुकडा सुटून आत जातो आणि नळाच्या जाळीत अडकतो. टेप ताणून गुंडाळली, इतकी की वरून आट्यांच्या रेघा दिसल्या. वेढे मी मोजले, पाच. आमची बाजारातली टेप पातळ असते म्हणून पाच. जाड असती तर तीन पुरले असते. शेवटी अंगठा दाबून टोक बसवलं. हाताने जाईल तितका नळ आत घातला, मग पान्याने दीड-दोन फेरे. शेवटच्या अर्ध्या फेऱ्यात तो सावकाश झाला. तोंड खाली येण्याआधीच थांबला, श्वास घेतला, आणि पुढेच नेऊन सरळ केला. "पीछे नहीं," माझ्याकडे न बघता म्हणाला.

मी विचारलं, पुढे नेऊनही सरळ झाला नसता तर? तो म्हणाला, पूर्ण काढायचा, टेप फेकायची, नवीन लावायची. टेप किती रुपयांची आहे अंकल?

आणखी दोन-तीन गोष्टी त्याच्याकडून कळल्या त्या श्रोत्यांच्या उपयोगाच्या आहेत. बेसिनखाली जो लवचिक कनेक्शन पाइप असतो त्याच्या आत रबरी वॉशर असतो. तिथे टेप लावू नये. पाणी अडवायचं काम वॉशरचं, टेप मधे आली तर वॉशर नीट बसत नाही. प्लॅस्टिकच्या पाइपांना आटे असतील तर हात आखडता ठेवावा. टेप निसरडी असल्यामुळे आपण किती जोर लावतोय हे कळत नाही, आणि जादा टेप पाचरीसारखी काम करून सॉकेटला आतून तडा देते. तडा लगेच दिसत नाही, महिन्याने दिसतो. आणि गॅसच्या नळीला या पांढऱ्या टेपने स्वतः हात लावू नये. ते ज्याचं काम त्यालाच करू द्यावं.

गुरुजींच्या मुलीने अमेरिकेहून शॉवर पाठवला होता, तोही त्याने त्याच फेरीत पाहिला आणि बाजूला ठेवला. तिकडच्या अर्ध्या इंचालाही इंचात चौदाच आटे असतात, म्हणून शॉवर दोन-तीन फेरे आनंदाने चढतो. पण त्यांच्या आट्यांचा कोन ६० अंशांचा, आपला ५५ चा. मग अडतो. लोक टेपवर टेप चढवून तो बसवतात आणि तो गळत राहतो. गुरुजी म्हणाले, "म्हणजे पाच अंशांचा फरक कोणी मान्य करत नाही म्हणायचं." मधे लावायचा जोड बाजारात मिळतो, तो आणू असं ठरलं.

भिंत वाळायला दोन महिने लागले. रंगाचे पैसे मी दिले, गुरुजींनी आढेवेढे घेऊन घेतले. अंकांचं मात्र तसं नव्हतं. आम्ही दोघांनी चार रविवार त्यांच्या खोलीत बसून चिकटलेली पानं सोडवली. पानांच्या मधे टीपकागद घालायचा, वर पंखा, आणि घाई करायची नाही. तीन अंक बरेचसे वाचले. १९८६ चा अंक गेला. त्यात शाईची चित्रं होती आणि शाई पाण्याबरोबर निघून गेली होती. एका पानावर बैलगाडीची दोन चाकं तेवढी राहिली होती. त्या पोराचं नाव गुरुजींना आठवत होतं. "आता बारामतीला असतो," म्हणाले. मग त्यांनी ते पान बाजूला ठेवलं.

त्याच दिवसांत कधीतरी मी गुरुजींना सांगितलं की नळ मीच बसवला होता. ते म्हणाले, "मला माहीत होतं. पान्याचा आवाज खाली येतो. प्लंबर इतका वेळ ठोकत नाही."

अब्बांना जाऊन आता बारा वर्षं झाली. त्यांची पत्र्याची पेटी माळ्यावर होती. सांधा झाल्यावर आठवड्याने ती मी खाली काढली. दोन पाइप पाने, करवतीचं जुनं पातं, तेलाचा तोच डबा, कागदात गुंडाळलेली डाय. तागाचा धागा होता, त्याला उंदीर लागलेले. सफेद्याचा डबा दगड झालेला. आणि तळाशी, वर्तमानपत्राच्या तुकड्यात, त्या पांढऱ्या टेपचं एक रीळ. रिबीन. निम्म्याहून जास्त वापरलेलं. तिचं टोक घडी घालून ठेवलं होतं, पुढच्या वेळी नखाने शोधत बसावं लागू नये म्हणून.